नोकरी घ्यायला आलेला माणूस

माझे कान बघून त्यांनी मला ओळखलं. चँडलर गावातल्या ऑफिसातला माझा तिसरा की चौथा दिवस होता. शेजारच्या टेबलावरचे गृहस्थ, वय पंचावन्नच्या पुढचं, खुर्ची वळवून माझ्याकडे बघत बसले होते. अमेरिकन माणूस सहसा असा टक लावून बघत नाही. मला वाटलं, शर्टावर सकाळचे पोहे सांडलेत. शेवटी ते म्हणाले, "कुस्ती खेळायचास ना तू?"

तालमीत मातीवर आणि जोडीदाराच्या डोक्यावर घासून घासून कान फुटतात, त्यांच्या गाठी होतात, आणि मग ते जन्मभर तसेच राहतात. सांगलीकडे अशा कानांना मान आहे. पुण्याच्या इंजिनिअरिंग कॉलेजात मात्र त्यावरून माझी यथेच्छ टिंगल झाली, आणि लग्नात बायकोच्या मावशीने फोटोग्राफरला बजावून माझे सगळे फोटो समोरून काढून घेतले. अमेरिकेत येऊन दोन वर्षं झाली होती, त्यातलं पहिलं श्रूजबरी नावाच्या गावाच्या बर्फात गेलं होतं. तेवढ्या काळात कानांबद्दल कौतुकाने विचारणारे हे पहिलेच. मी हो म्हटलं आणि छाती जरा पुढे काढून बसलो.

"मग शनिवारी काय करतोस?" त्यांनी विचारलं.

शनिवारी मी कपडे धुवायचो आणि इंडियन स्टोअरमध्ये जायचो. हे २००३ सालचं. एका भारतीय कंपनीने मला एच-वन व्हिसावर आणून इथल्या एका मोठ्या अमेरिकन कंपनीच्या, म्हणजे आमच्या क्लायंटच्या, ऑफिसात बसवलं होतं. बायको पुण्यात फिजिओथेरपिस्ट होती, तिचे पेशंट तिच्यासाठी रांगा लावायचे. इथे तिच्या व्हिसावर काम करायला बंदी. ती दिवसभर अपार्टमेंटमध्ये बसून हाडांची पुस्तकं पुन्हा पुन्हा वाचायची. आमच्या ग्रीन कार्डाचा अर्ज कंपनीच्या वकिलाकडे पडला होता आणि आम्ही दोघं त्याच्या वाटेकडे डोळे लावून बसलो होतो.

शेजारच्या गृहस्थांना मी ऑफिसात त्यांच्या नावाने हाक मारायचो, कारण तिकडची रीतच तशी. घरी बायकोशी बोलताना मात्र पहिल्या दिवसापासून तोंडातून काका असंच निघालं. इथेही काकाच म्हणतो.

काका आठवडाभर चिप बनवणाऱ्या कारखान्याचा एक जुना प्रोग्रॅम सांभाळायचे, आणि एक शनिवार सोडून एक शनिवार कुस्तीत रेफरी व्हायचे. ही कुस्ती म्हणजे टीव्हीवर दिसते ती, आधी ठरवून खेळलेली. फक्त ही टीव्हीवर दिसायची नाही. चँडलरच्या दक्षिणेला तासाभरावर, कापसाच्या शेतांच्या पलीकडे एक गाव आहे. तिथल्या हॉलमध्ये दीडशे खुर्च्या मांडून संध्याकाळी पाचला खेळ सुरू व्हायचा. मालक एरवी टायरचं दुकान चालवायचा. काका तिथे अठरा वर्षं रेफरी होते.

एका शनिवारी काका मला तिथे घेऊन गेले. मालकाने मला वरपासून खालपर्यंत बघितलं, दंड चाचपले आणि निकाल दिला, "खलनायक. फेटा बांध, कुठला तरी शेख हो." मी साफ नाही म्हटलं. अकरा सप्टेंबरच्या हल्ल्यानंतरच्या त्या काळात फेटा बघून लोक खरोखर अंगावर जात होते, आणि ते सोंग घ्यायची मला लाजही वाटली आणि भीतीही. तो खट्टू झाला. त्याला बरं वाटावं म्हणून मी गंमतीत म्हणालो, "मी जो आहे तोच येतो की. टाय, लॅपटॉपची बॅग, कानाला हेडफोन. तुमच्या नोकऱ्या घेऊन जायला आलोय म्हणून सांगतो."

आम्ही आयटीतले लोक पॉटलकला, म्हणजे घरोघरून डबे आणून केलेल्या जेवणाला, जमलो की हा विनोद हमखास व्हायचा. कुणीतरी म्हणायचं, आज किती गोऱ्यांच्या नोकऱ्या खाल्ल्यास, आणि मग भजी खात सगळे खिदळायचे. इतक्या वेळा हसून झालं होतं की तो सगळीकडेच विनोद आहे असं मी धरून चाललो होतो. मालक हसला नाही. त्याने कॉफीचा कप खाली ठेवला, काकांकडे बघितलं आणि म्हणाला, "हेच." असा मी माझ्या हाताने माझा खलनायक तयार केला. कुणीही जबरदस्ती केली नव्हती, हे मला पुढे फार वेळा आठवलं.

व्हिसामुळे मी मानधन घेणार नाही हे सुरुवातीलाच ठरलं. खेळ झाल्यावर मालक सगळ्यांना बरिटो खायला घालायचा, तेवढंच.

पहिल्याच कुस्तीत मी घोळ घातला. आपल्याकडे पाठ मातीला लागली की संपलं, वस्ताद त्यानंतर आठवडाभर तोंड बघत नाहीत. इथे पाठ टेकणं ही रोजची हमाली. खलनायकाने तर मुळी हरायलाच जन्म घ्यायचा असतो. पाठीवर पडून राहायचं, रेफरी शेजारी आडवा होऊन जमिनीवर हात आपटत तीन मोजणार, खलास. मी सगळं समजून घेतलं होतं, मान डोलावली होती. पण काकांनी दोन म्हटलं आणि माझं अंग माझं ऐकेना. मान आणि टाचा रोवून मी कमानीसारखा वर उठलो. हॉल चिडीचूप झाला. समोरच्या पोराचा चेहरा पडला. पुन्हा त्याने मला पाडलं, पुन्हा दोनला मी वर. तिसऱ्या वेळी काकांनी गाल जमिनीला टेकवला, माझ्या कानाशी तोंड आणलं आणि बाळाला थोपटावं तशा आवाजात म्हणाले, "झोप रे. काही होत नाही. झोप." मग मी झोपलो.

घरी बायकोने माझ्या पाठीवर हात ठेवून विचारलं, "कोणी मारलं तुला?"

"कोणीच नाही. मीच पडलो, आठ वेळा."

"वेडा आहेस का तू?" ती म्हणाली, पण तिच्या बोटांना कितीतरी महिन्यांनी काम मिळालं होतं. नंतर ती दर वेळी टॉवेल गरम करून वाट बघत बसायची.

दोन वर्षं मी तो माणूस झालो. माइक हातात घेऊन सांगायचो, "उद्या सकाळी तुमच्या खुर्चीवर माझा चुलतभाऊ बसलेला असेल." लोक पेटायचे. त्या गावातला एक कारखाना नुकताच बंद पडला होता, काम परदेशी गेलं होतं. मी शिव्या खायचो, लाह्यांचा मारा झेलायचो, शेवटी पाठीवर पडायचो, आणि दीडशे माणसं आनंदाने उभी राहायची. खोटं कशाला बोलू, मला ते आवडायचं. आठवडाभर ऑफिसात सगळे माझ्याशी इतकं गोड बोलायचे की त्यांच्या मनात काय आहे ते कळायचं नाही. हॉलमध्ये तोंडावर तरी सांगायचे. येताजाता काकांच्या गाडीत तासभर गप्पा व्हायच्या. त्या ओसाड रस्त्यावर मला पहिल्यांदा वाटलं की या देशात आपलं म्हणावं असं कोणीतरी आहे.

२००५ च्या उन्हाळ्यात आमच्या भारतीय कंपनीच्या मॅनेजरने मला जेवायला बोलावलं. हा मूळचा नागपूरचा, सज्जन माणूस. सूप यायच्या आत त्याने मुद्दा काढला. काकांचा प्रोग्रॅम पुण्याच्या टीमकडे जाणार होता. मी तीन महिने काकांची केटी घ्यायची. केटी म्हणजे नॉलेज ट्रान्स्फर, एकाच्या डोक्यात आहे ते सगळं दुसऱ्याने काढून घेणं. आमच्या धंद्यातलं हे रोजचं काम, मी ते चारदा केलं होतं, पण लांबच्या माणसांशी.

"आणि मग काका?" मी विचारलं.

"ऑक्टोबरच्या शेवटी लेऑफ. त्यांना क्लायंटच सांगणार. तोपर्यंत तू बोलायचं नाही, यार, हे फार सेन्सिटिव्ह आहे. विचारलं तर बॅकअप म्हणून शिकतोय म्हण." थोडं थांबून तो म्हणाला, "तुझी फाइल वकिलाकडे आहे ना? नीट चाललंय ना तिचं?"

त्याने धमकी दिली असं मी म्हणणार नाही. त्याने फक्त विचारपूस केली. पण माझ्या व्हिसाची मुदत जास्तीत जास्त सहा वर्षं, त्यातलं पाचवं चालू होतं, अर्ज कंपनीच्या नावावर होता, आणि नोकरी गेली की अर्जही गेला. नवी कंपनी, नवा अर्ज, रांगेत पुन्हा शेवटी. समोरचं सूप मी तसंच ठेवलं.

बायकोला मी त्याच संध्याकाळी सांगितलं. ती भाजी चिरत होती.

"काकांना सांगणार आहेस?"

"तुला काय वाटतं?"

"सांगायला पाहिजे," ती म्हणाली. "त्यांना तीन महिने मिळतील दुसरं काही बघायला. या वयात त्यांना कोण घेणार पटकन?" मग तिने सुरी खाली ठेवली. "पण ते क्लायंटकडे जाऊन भांडले, तर कुणी सांगितलं हे शोधायला त्यांना पाच मिनिटं लागतील. मग आपण सामान पॅक करायचं. मी चार वर्षं घरात बसलेय, रे. मला विचारू नकोस. मी चांगलं उत्तर देणार नाही."

तिने चांगलंच उत्तर दिलं होतं, दोन्ही बाजूंनी. काकांना सांगितलं तर आमचं घर उठणार, नाही सांगितलं तर काकांचं. मी कुठलंच निवडलं नाही. उद्या बघू म्हटलं. आणि असा एकेक उद्या ढकलत ऑक्टोबर आला.

केटी हे तसं रटाळ काम, पण काकांनी ते सणासारखं केलं. रोज दोन ते चार आम्ही छोट्या खोलीत बसायचो. ते फळ्यावर चौकोन काढायचे, बाण काढायचे. हा भाग कुठल्या साली का लिहिला, कुठल्या मशिनच्या खोडीसाठी लिहिला, सगळं सांगायचे. मी वहीत उतरवून घ्यायचो आणि सायंकाळी पुण्याला मेल करायचो. मी कामात बरा आहे. कुठे खोदायचं ते मला कळतं. एकदा मी असा प्रश्न विचारला की ते फळ्यापाशीच थांबले आणि म्हणाले, "एकोणीस वर्षांत मला हे कोणी विचारलं नाही. चांगलं झालं तू आलास." मी वहीत डोकं घातलं. तो दिवस मला अजून छळतो.

आणि एक शनिवार सोडून एक शनिवार आम्ही त्यांच्याच गाडीतून हॉलवर जायचो. मी टाय लावून माइकवर ओरडायचो की तुमच्या नोकऱ्या मी नेणार. काका काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा शर्ट घालून तीन पावलांवर उभे असायचे. लोक हसत, ओरडत, मी शब्द न् शब्द खरं बोलत असायचो, आणि ते खरं आहे हे त्या हॉलमध्ये मला एकट्याला माहीत होतं. आठवडाभर खोटं, शनिवारी खरं. कुठेही गेलो तरी तोच मी. टायची गाठ सैल केली की जरा मोकळं होता येईल असं वाटायचं, म्हणून ती सारखी सैल करायचो. मालकाला ते फार आवडलं. कायम करत जा म्हणाला.

सोडून का दिलं नाही? ऑफिस सोडता येत नव्हतं. हॉल सोडला असता तर काकांनी कारण विचारलं असतं, आणि विचारलं असतं तर मी सांगून मोकळा झालो असतो. मला माझी तेवढी ओळख होती.

सप्टेंबरमध्ये एकदा पेट्रोल भरायला थांबलो तेव्हा मी तोंड उघडलं होतं. त्यांनी नुकतंच सांगितलं होतं की घराचं छप्पर यंदा बदलून घेतोय, निवृत्त व्हायला अजून सात वर्षं आहेत, तेवढं पुरेल. मी म्हटलं, "मला तुम्हाला काही सांगायचंय." त्यांनी पंप तसाच धरून माझ्याकडे वळून बघितलं. त्या बघण्यात इतका भाबडेपणा होता की मी म्हणालो, "माझी पाठ फार दुखते आजकाल." मग पुढे तासभर ते मला पाठीचे व्यायाम समजावत राहिले.

ऑक्टोबरच्या शेवटच्या शुक्रवारी मॅनेजरने मला सकाळी दहा ते अकरा वरच्या मजल्यावर थांबायला सांगितलं. मी थांबलो. खाली आलो तेव्हा काकांचं टेबल रिकामं होतं. माझ्या कीबोर्डवर एक कागद ठेवलेला होता, त्यांच्या ठसठशीत अक्षरात. 'तुझं एक विचारायचं राहिलं. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात हा प्रोग्रॅम आपोआप सुरू होत नाही, हाताने करावा लागतो. हे कुठे लिहिलेलं नाही.' खाली सहा पायऱ्या आकडे घालून लिहिल्या होत्या. सामान आवरायला त्यांना वीस मिनिटं दिली होती, असं मागाहून कळलं. त्यातली काही त्यांनी यावर घालवली होती. मी बाथरूममध्ये जाऊन रडलो. मग परत येऊन त्या सहा पायऱ्या पुण्याला पाठवल्या.

पुढच्या शनिवारी मी माझ्या गाडीने हॉलवर गेलो. काका येणार नाहीत असं वाटलं होतं. ते आधीच आले होते, पट्ट्यांचा शर्ट घालून बुटाच्या नाड्या बांधत होते. गाव लहान, बातमी पोहोचली होती, आणि मालकाचे डोळे चमकत होते. "असं नशीब पुन्हा येत नाही," तो म्हणाला. "आज तू माइकवर सांगायचं, या रेफरीची नोकरी मीच घेतली. मग रेफरी तुला एक ठोसा ठेवून देणार. वीस वर्षांत त्याने कुणाला बोट लावलेलं नाही. लोक छप्पर उडवतील."

मी काकांकडे बघितलं. "मला चालेल," ते म्हणाले. आवाजात राग नव्हता. रागच काय, काहीच नव्हतं.

मालक बाहेर गेल्यावर मी त्यांच्याजवळ गेलो. माफी मागायचा धीर झाला नाही. एवढंच म्हणालो, "खरा मारा. प्लीज. खरा."

त्यांनी नाडीची गाठ पक्की केली. "तू तुझं काम नीट कर," म्हणाले.

हॉल गच्च भरला होता. मालकाने लिहून दिलेली चार वाक्यं मी म्हटली. लोक खवळले. मग माइक खाली ठेवायचा होता, तो मी ठेवला नाही. मी काकांकडे तोंड करून म्हणालो, "मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं. तुम्ही फळ्यावर शिकवत होतात तेव्हा माहीत होतं. पेट्रोल पंपावर माहीत होतं. माझ्या कार्डासाठी मी गप्प बसलो." तीन महिने जे एका माणसाला एकट्यात सांगता आलं नाही, ते मी दीडशे जणांसमोर सांगितलं. लोकांना वाटलं, काय नट आहे. काकांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा काहीतरी हललं. पेट्रोल पंप त्यांना आठवला असावा.

मग त्यांनी मूठ वळली आणि खांद्यापासून पूर्ण हात मागे नेला. मी डोळे मिटले. मला तो ठोसा हवा होता. दात पडले असते तरी चाललं असतं, कोणी मारलं असं बायकोने विचारलं असतं तर या वेळी खरं सांगितलं असतं. त्यांनी पाय आपटला, ठोशाचाच वाटावा असा धाडकन आवाज झाला, आणि गालाला फक्त त्यांच्या बोटांची ऊब लागली. लागली म्हणेपर्यंत गेली. या धंद्यात जो लांबून भयंकर दिसतो आणि समोरच्याला जाणवतही नाही तो ठोसा सगळ्यात उत्तम, आणि काकांचा तो उत्तम होता. मी पडलो. छप्पर उडालं.

आतल्या खोलीत रीत अशी, की खेळ संपल्यावर प्रत्येकाने प्रत्येकाशी हात मिळवायचा, अगदी हलका, आणि आभार मानायचे. काकांनी सगळ्यांशी मिळवला. माझ्याशीही मिळवला, तसाच हलका. "थँक यू," म्हणाले आणि पुढच्याकडे वळले.

मालकाने तो प्रसंग आजूबाजूच्या गावांत न्यायचा ठरवला. काकांना बोलावणं आलं की ते यायचे, मला आलं की मी जायचो. वेगवेगळ्या गाड्यांनी. दोन वर्षांत सात वेळा आम्ही तो केला. मधे काकांना एका हार्डवेअरच्या दुकानात काम मिळालं, तेही मला मालकाकडून कळलं. २००७ मध्ये आमचं कार्ड आलं. बायको क्लिनिकमध्ये जायला लागली, पहिल्या दिवशी तिने आरशासमोर पांढरा कोट चारदा घालून बघितला. मला आता कोणी कुठेही अडकवून ठेवलेलं नव्हतं. ऑफिस मी सोडलं. हॉल सोडवेना. बायको म्हणायची, आता तरी पुरे कर, पाठ गेलीय तुझी. तिला मी सांगू शकलो नाही की मी अजून एका ठोशाची वाट बघतोय.

सातव्या वेळी मी ठरवूनच उभा राहिलो. काकांचा हात निघाला तसा मी गाल पुढे केला, चांगला चार बोटं, त्यांच्या मुठीवरच. त्यांनी ते बघितलं. आणि तेवढ्या निमिषात, साठीला टेकलेल्या त्या माणसाने मूठ बरोबर चार बोटं मागे घेतली.